गाडीचं मीटर बंद पडलंय? बदलायच्या आधी हे सगळं तपासा

पेट्रोलचा काटा खाली पडून राहिला, स्पीड दाखवायचं बंद झालं, किंवा जुलैच्या पावसात एकदम सगळं मीटरच काळं झालं की गॅरेजमध्ये पहिलं वाक्य ठरलेलं असतं, "मीटर गेलंय, बदलायला लागतंय." आणि नवीन मीटरचा भाव ऐकला की माणूस आधी खाली बसतो. माझं म्हणणं सरळ आहे. मीटर हा सांगकाम्या आहे, त्याला खालून जे कळवलं जातं तेवढंच तो वर दाखवतो, त्यामुळं आधी सप्लाय, मग अर्थिंग (म्हणजे बॉडीवरनं बॅटरीच्या निगेटिव्हला परत जाणारा रस्ता), मग सेन्सर, मग मधली वायर, आणि हे सगळं ठीक निघालं तरच मीटरचे स्क्रू. हा क्रम पाळला तर लय वेळा मीटर उघडायची वेळच येत नाय.

खाली लिहिलंय ते घरच्या घरी करण्यासारखं आहे, पण ज्याला मल्टीमीटर धरता येतो त्याच्यासाठी. बाकीच्यांनी वाचून ठेवा, निदान मेकॅनिकला काय विचारायचं ते तरी कळेल.

आधी नुसतं बघा

काहीही खोलायच्या आधी सीटवर बसा आणि चावी फक्त ऑन करा, स्टार्ट करू नका. आता लाइटी बघा. चेक इंजिन, ऑइल, बॅटरी, एबीएस, एअरबॅग, हँडब्रेक, या सगळ्या लागायला पाहिजेत. एबीएस आणि एअरबॅगची काही सेकंदांत आपोआप विझते, ऑइल आणि बॅटरीची इंजिन चालू झाल्यावर विझते. बऱ्याच गाड्यांत चावी ऑन केली की काटे एकदा पूर्ण वर जाऊन खाली येतात, ती मीटरनं स्वतःची घेतलेली टेस्ट आहे. काटा असा नीट फिरून आला आणि नंतर चालताना मात्र हलत नाय, तर काट्याची मोटर चांगली आहे, भानगड बाहेर आहे. अर्धा निकाल इथंच लागतो.

एक गोष्ट सेकंड हँड गाडी घेणाऱ्यांनी डोक्यात ठेवा. चावी ऑन केल्यावर एअरबॅगची किंवा चेक इंजिनची लाइट लागलीच नाय तर "बघा, एक पण वॉर्निंग नाय" म्हणून खूश होऊ नका. लाइट लागायलाच पाहिजे होती. नाय लागली म्हणजे बल्ब गेलाय किंवा कुणीतरी मुद्दाम काढलाय किंवा वर काळी टेप मारलीय.

मग लिहून काढा की नक्की काय बंद आहे. सगळं एकदम बंद, का एकच काटा, का दोन काटे एकत्र चुकतायत, का फक्त रात्रीची लाइट नाय, का खड्ड्यात गेलं की बंद आणि डॅशबोर्डवर थाप मारली की चालू. प्रत्येकाचा रस्ता वेगळा आहे. आणि गाडी कुठल्या काळातली आहे ते पण बघा. जुनी मारुती ८००, ओम्नी अशा गाड्यांत प्रत्येक काट्याला स्वतःची वायर किंवा केबल असते. आताच्या गाड्यांत बहुतेक माहिती आधी इसीयूकडं, म्हणजे इंजिनच्या कॉम्प्युटरकडं, जाते आणि तिथून दोन वायरींवरनं, म्हणजे कॅन लाइनवरनं, मीटरला मिळते. बीएस-६ हा धुराचा नियम तर १ एप्रिल २०२० पासून आहे, त्यानंतरच्या गाडीत स्कॅनर (इसीयूतले फॉल्ट कोड वाचणारं यंत्र) न लावता अंदाज मारत बसणं म्हणजे वेळ घालवणं.

सामान काय पाहिजे

साधा डिजिटल मल्टीमीटर, बल्बवाला टेस्टर, फ्यूजचा सेट, स्क्रू ड्रायव्हर, डॅश उचकटायला प्लास्टिकची पट्टी (लोखंडी स्क्रू ड्रायव्हरनं उचकटलं की खूण कायमची राहते), कॉन्टॅक्ट क्लीनरचा स्प्रे, आणि फोनला जोडायचा ब्लूटूथ ओबीडी अडॅप्टर (डॅशखालच्या ओबीडी सॉकेटात लावला की इसीयूची माहिती फोनवर दिसते). शेवटचं दोन मित्रांत मिळून घेतलं तरी चालतंय. आत सोल्डरिंग करायचं असेल तर तापमान सेट करता येणारी सोल्डर गन, फ्लक्स आणि भिंग.

बल्बवाला टेस्टर फ्यूज, बल्ब, पॉवर एवढ्यासाठीच वापरा. तो भरपूर करंट ओढतो, इसीयूच्या, कॅनच्या किंवा एअरबॅगच्या वायरीला लावला तर नसलेला खर्च उभा राहील. तिथं फक्त मल्टीमीटर, आणि एअरबॅगच्या पिवळ्या कपलरला (वायरी जोडायच्या प्लगला) तर तो पण नाय.

सगळं मीटर एकदम गेलंय

ही खरं तर सगळ्यात सोपी केस. एवढे काटे आणि एवढ्या लाइटी एकाच दिवशी खराब होत नसतात, म्हणजे सगळ्यांचं सामाईक जे आहे ते गेलंय. पॉवर नाय तर अर्थ.

पहिल्यांदा बॅटरी. गाडी बराच वेळ उभी असताना चांगल्या चार्ज बॅटरीला १२.६ व्होल्टच्या आसपास पाहिजे आणि इंजिन चालू असताना साधारण १३.८ ते १४.५. स्टार्टर मारताना व्होल्टेज साडेनऊच्या खाली जात असेल तर बॅटरी संपलीय किंवा टर्मिनल सैल आहे, आणि अशा वेळी मीटर नाचतं, काटे थरथरतात, घड्याळ शून्यावर येतं, ट्रिप पुसली जाते. लोक मीटर खोलून बसतात आणि भानगड टर्मिनलवरच्या पांढऱ्या बुरशीत असते.

मग फ्यूज. मीटरला बहुतेक दोन पॉवर येतात, एक कायमची, घड्याळ आणि मेमरीसाठी, आणि दुसरी चावी ऑन केल्यावरची. त्यामुळं फ्यूज पण दोन असू शकतात आणि कधी कधी एक डॅशखाली आणि दुसरा बोनेटमध्ये. झाकणावरचा नकाशा बघा. फ्यूज काढून डोळ्यानं बघण्यापेक्षा तो जागेवरच ठेवून, चावी ऑन करून, त्याच्या पाठीवरच्या दोन्ही उघड्या टोकांवर मल्टीमीटर टेकवा. दोन्हीकडं १२ व्होल्ट म्हणजे फ्यूज चांगला, एकीकडंच आला तर गेला. दोन्हीकडं काहीच नाय तर भानगड फ्यूजच्या मागं आहे, इग्निशन स्विच नाय तर रिले. आणि उडालेल्या फ्यूजच्या जागी त्याच अँपिअरचा घाला. १० चा सारखा उडतोय म्हणून ३० चा टाकणारे महाभाग आपल्याकडं कमी नायत, मग फ्यूजऐवजी वायरिंग जळतं.

फ्यूज ठीक असेल तर अर्थ. इथं लय लोक चुकीचं तपासतात. नुसती कंटिन्युइटीची बीप ऐकून अर्थ चांगला म्हणायचं नाय, कारण एका धाग्यावर टिकलेली वायर पण बीप देते. चावी ऑन करा, हेडलाइट लावा, मल्टीमीटर डीसी व्होल्टवर ठेवा, काळी पिन बॅटरीच्या निगेटिव्हला आणि लाल पिन मीटरच्या कपलरमधल्या अर्थच्या वायरीला, कपलर जोडलेलाच असताना मागनं. ०.१ ते ०.२ व्होल्टपर्यंत ठीक. अर्धा-एक व्होल्ट दाखवला तर अर्थ खराब आहे, डॅशच्या मागं जिथं ती वायर बॉडीला स्क्रूनं बसवलीय तो पॉइंट शोधा, काढा, सँडपेपर मारा, आवळा. इंडिकेटर दिला की पेट्रोलचा काटा पण तालावर हलतो, हे खराब अर्थचं अगदी ओळखीचं लक्षण.

आपल्याकडं कोल्हापुरात पावसाचं एक वेगळंच. काचेच्या खालच्या जाळीत पानं साठतात, पाणी जायचं भोक बुजतं, आणि पाणी हळूहळू आत झिरपून डॅशखालच्या फ्यूज बॉक्सवर टपकतं. राधानगरी, गगनबावड्याकडं रोज ये-जा करणाऱ्यांनी मे महिन्यात ती जाळी साफ करावीच. फ्यूजच्या पायांवर हिरवी बुरशी दिसली की समजायचं पाणी येतंय, आणि ते थांबवल्याशिवाय फ्यूज बदलून उपयोग नाय.

आणि उंदीर! गुळाचं गोडाऊन, उसाचं शिवार, पोल्ट्री असल्या ठिकाणी गाडी लागत असेल तर वायरिंग कुरतडलं जाणार हे धरूनच चाला. बोनेट उघडून बॅटरीखाली, फायरवॉलजवळ लेंड्या किंवा वायरीच्या सालीचा चुरा दिसतोय का बघा.

पेट्रोल किंवा डिझेलचा काटा

टाकीत एक तरंगता फ्लोट असतो, त्याचा दांडा एका रेझिस्टन्सच्या पट्टीवर सरकतो, त्यावरनं काटा ठरतो. काही गाड्यांत टाकी फुल असताना ओहम (रेझिस्टन्सचं माप) कमी, काहींत उलटं, त्यामुळं आपल्या गाडीचे आकडे सर्व्हिस मॅन्युअलमधनं घ्या.

कपलर बहुतेक मागच्या सीटखालच्या पत्र्याच्या झाकणाखाली सापडतो. त्यात पंपाच्या वायरी पण असतात, म्हणून आधी डायग्राम बघून फ्लोटच्या दोन वायरी नक्की करा. जवळपास बिडी-सिगरेट नाय, गाडी मोकळ्या हवेत, आणि कपलर काढायच्या आधी चावी बंद. कपलर काढून फ्लोटच्या दोन पिनांत ओहम मोजा. अर्धी टाकी असताना मधलाच काहीतरी आकडा यायला पाहिजे. मल्टीमीटरवर ओव्हर लिमिट आलं तर फ्लोटची पट्टी तुटलीय किंवा दांडा निघालाय.

फ्लोट ठीक वाटला तर उलट बाजूनं तपासा, आणि ही युक्ती मला सगळ्यात आवडते. फ्लोटच्या जागी, गाडीकडच्या कपलरमध्ये, बाजारातला रेझिस्टर लावा, ५ वॅटचा, मॅन्युअलमधल्या फुल आणि एम्प्टीच्या मधल्या ओहमचा. चावी ऑन करून मिनिटभर थांबा कारण पेट्रोलचा काटा मुद्दाम हळू केलेला असतो, नाय तर वळणावर पेट्रोल हिंदकळलं की काटा पण नाचला असता. काटा मध्यावर आला म्हणजे वायर आणि मीटर दोन्ही चांगले, दोष फ्लोटचा. नाय आला तर मधली वायर, आणि सगळ्यात शेवटी मीटर. काही शे रुपयांची वस्तू खराब का काही हजारांची, ते चार-पाच रुपयांच्या रेझिस्टरवर कळतं.

टाकीतनं फ्लोट बाहेर काढायचाच झाला तर टाकी पाव भागाच्या खाली असताना, बॅटरीचं निगेटिव्ह काढून. हातानं दांडा सावकाश वरखाली करत ओहम बघा, आकडा सलग बदलला पाहिजे. मध्येच उडी मारली किंवा गायब झाला तर तिथं पट्टी झिजलीय. "अर्ध्यावर आला की एकदम शून्य दाखवतो" ही तक्रार त्याचीच.

टेम्परेचरचा काटा

इथं सेन्सर उलटा चालतो, गरम झालं की रेझिस्टन्स कमी होतो. साधारण २० डिग्रीला दोन-अडीच हजार ओहम आणि ८० च्या पुढं दोनशे-तीनशेवर, गाडीगणिक थोडा फरक. नव्या गाडीत सेन्सरला हात लावायच्या आधी ओबीडी अडॅप्टर लावून फोनवर कूलंटचं तापमान बघा. फोनवर ९० आणि काटा तळाला, तर इसीयूला माहिती बरोबर मिळतीय, भानगड इसीयू ते मीटरच्या मध्ये. फोनवरच उणे ४० दाखवतोय? आपल्याकडं तर शक्यच नाय, म्हणजे सेन्सरची वायर तुटलीय किंवा कपलर निघालाय.

काटा थंडच राहतो, विशेषतः पन्हाळ्यावरनं उतरताना किंवा पावसात हायवेला, आणि शहरात आलं की वर येतो, तर बहुतेक थर्मोस्टॅट, म्हणजे रेडिएटरकडं जाणारं कूलंट अडवणारी झडप, उघडा अडकलाय. मीटर खरंच सांगतंय. उलट काटा लालमध्ये गेला तर "मीटरच वेडं आहे" म्हणून गाडी रेटू नका, आधी थांबवा, पंखा फिरतोय का बघा. गरम असताना रेडिएटरचं झाकण अजिबात उघडायचं नाय.

पेट्रोल आणि टेम्परेचर दोन्ही काटे एकदम जास्त किंवा एकदम कमी दाखवतायत आणि गाडी लय जुनी आहे, तर मीटरच्या मागं एक छोटा व्होल्टेज स्टॅबिलायझर असू शकतो जो या दोन काट्यांना साधारण १० व्होल्ट देतो. त्याचा अर्थ सुटला की दोन्ही काटे वर चढतात. दोन सेन्सर बदलायची गरज नाय.

स्पीड आणि आरपीएम

केबलवाल्या गाडीत काटा कमी स्पीडला थरथरतो आणि कर्रर्र आवाज येतो तर केबल कोरडी आहे. आतली तार काढून पुसा, हलकं ग्रीस लावा, पण मीटरकडचं वरचं टोक कोरडंच ठेवा, नाय तर ग्रीस चढून मीटरच्या आत जातं. स्पीड चालतंय पण किलोमीटर पुढं सरकत नाय तर आतला प्लास्टिकचा गियर तुटलाय. दोन्ही बंद तर केबल तुटली, किंवा गिअरबॉक्सकडचं गियर गेलं.

सेन्सरवाल्या गाडीत गिअरबॉक्सवर तीन वायरींचा सेन्सर असतो, पॉवर, अर्थ आणि सिग्नल. मागच्या चाकांना दगड किंवा ठोकळे लावा, हँडब्रेक ओढा, पुढचं एक चाक जॅकनं उचलून खाली स्टँड द्या (नुसत्या जॅकवर काम करायचं नाय म्हणजे नाय), गिअर न्यूट्रल, चावी ऑन, चाक हातानं सावकाश फिरवा. सिग्नलच्या वायरीवर व्होल्टेज वरखाली, वरखाली झालं पाहिजे. हे मागचं चाक चालवणाऱ्या गाडीला लागू नाय तेवढं लक्षात घ्या. अजून नव्या गाड्यांत गिअरबॉक्सवर सेन्सरच नसतो, स्पीड एबीएसकडनं येतं. म्हणून एबीएसची लाइट आणि स्पीडचा काटा एकत्रच गेले तर मीटरचं नाव पण काढू नका, चाकाकडचा सेन्सर आणि त्याची वायर बघा, चिखल, गंज आणि उंदीर या क्रमानं.

आरपीएमचा काटा स्टार्टर मारताना जरा पण उचलत नाय आणि गाडी पण सुरू होत नाय, तर क्रँक सेन्सरकडं (इंजिन फिरतंय का ते इसीयूला सांगणारा) बघा.

लाइटींचं थोडं

ऑइलची लाल लाइट चालत्या गाडीत लागली तर इंजिन बंद, जागेवर. लेव्हल बघा, लेव्हल ठीक असली तरी गेज लावून प्रेशर मोजल्याशिवाय "सेन्सर गेला असेल" म्हणायचं नाय.

बॅटरीच्या लाइटची गंमत अशी की जुन्या गाड्यांत अल्टरनेटरला सुरुवातीचा करंट याच बल्बमधनं मिळतो. बल्ब उडाला तर अल्टरनेटर चार्जिंग सुरूच करत नाय किंवा इंजिन लय रेस केल्यावर करतो. आणि शौक म्हणून सगळे बल्ब काढून एलइडी टाकले की तोच प्रॉब्लेम, एलइडी फार कमी करंट जाऊ देतो. त्या एका जागी साधा बल्बच ठेवा.

रात्रीची लाइट नाय म्हणून आलेल्या गाड्यांत आधी डिमरचं चाक फिरवून बघायचं. पोरांनी खेळता खेळता शून्यावर नेलेलं असतं. हसू नका, लय वेळा हेच निघतं.

कॅन लाइन

नव्या गाडीत काटे मेलेले, लाइटी सगळ्या लागलेल्या, आणि इंजिन मात्र मस्त चालू, असं असेल तर मीटरचा बाकीच्यांशी संपर्क तुटलाय. स्कॅनरवर यू अक्षरानं सुरू होणारे कोड येतात. यू०१५५ म्हणजे मीटरशी बोलणं होत नाय, असं दुसरं मॉड्यूल सांगतंय.

बॅटरीचं निगेटिव्ह काढा, थोडा वेळ जाऊ द्या, मग ओबीडी सॉकेटच्या ६ आणि १४ नंबर पिनांत ओहम मोजा. लाइनच्या दोन्ही टोकांना १२० ओहमचा एकेक रेझिस्टर असतो, म्हणून एकत्र ६० च्या आसपास यायला पाहिजे. १२० आले तर एक टोक तुटलंय, शून्याजवळ आलं तर दोन वायरी कुठंतरी एकमेकींना चिकटल्यात. काही गाड्यांत ओबीडीच्या मागं गेटवे (वेगवेगळ्या लाइनी जोडणारा मधला डबा) असतो, तिथं हा आकडा मीटरच्या लाइनचा नसतो, मग मीटरच्या कपलरवरच मोजायला लागतं. ६, १४ वर काहीच लागत नसेल तर आधी १६ वर बॅटरीचा प्लस आणि ४ वर अर्थ येतोय का ते बघा.

आता मीटर काढायचं

इथपर्यंत सगळं ठीक निघालं, मीटरच्या कपलरवर पॉवर आहे, अर्थ आहे, सिग्नल आहे, आणि तरी काटा मेलेला, तर मीटर खरंच गेलंय. चावी बंद, निगेटिव्ह काढा, एअरबॅगवाल्या गाडीत मॅन्युअलमध्ये दिलाय तेवढा वेळ थांबा, काही मिनिटं तरी. स्टेअरिंग पूर्ण खाली करा, कॉलमवर जुना टॉवेल टाका. मीटरभोवतीची फ्रेम दोन-चार स्क्रू आणि क्लिपांवर असते, स्क्रू बहुतेक वरच्या कडेला लपलेले. मग मीटरचे तीन-चार स्क्रू. पुढं ओढायचं ते सावकाश, कारण मागं कपलर किंवा केबल ताणलेली असते. कपलरचं लॉक दाबून काढा, वायर धरून ओढू नका. प्रत्येक पायरीला फोनवर फोटो काढा. आणि मीटरचा कपलर काढलेला असताना चावी ऑन करून "बघू तरी" करायचं नाय, उगाच फॉल्ट कोड साठतात.

काच क्लिपांवर निघते. डायलला बोट लावू नका, तो डाग जात नाय. काटा काढायच्या आधी तो विश्रांतीला कुठं टेकतो तिथं मास्किंग टेपवर खूण करा, आणि दोन्ही बाजूंनी पातळ कार्ड सरकवून सरळ वर उचला, वाकडा ओढला तर मोटरची बारीक दांडी तुटते.

आत सगळ्यात जास्त सापडणारी भानगड म्हणजे कपलरच्या पायांजवळचं तडकलेलं सोल्डर. थाप मारली की चालू होणारं मीटर हेच. भिंगातनं बघितलं की पिनभोवती बारीक काळं कडं दिसतं. नुसतं गरम करून सोडू नका, जुनं शिसं ओढून काढा, फ्लक्स लावा, साठ-चाळीसचं नवीन सोल्डर ३५० डिग्रीच्या आसपास, दोन-तीन सेकंद, बस्स. जास्त वेळ धरलं तर पट्टीच उचलून येते.

एकच काटा मेला असेल तर त्याची स्टेपर मोटर. चार पाय, आत दोन कॉइल. एक्स२७.१६८ नावाची मोटर जगभर लय मीटरांत सापडते, ती ३१५ अंश फिरते आणि प्रत्येक कॉइल २८० ओहमच्या आसपास मोजते. दोन्ही कॉइल सारख्या आल्या पाहिजेत, एक ओपन असली तर मोटर बदला. नवीन घातल्यावर काटा लगेच ठोकू नका, मीटरला पॉवर द्या, मोटर शून्यावर जाऊन थांबू द्या, मग काटा खुणेवर ठेवून हलका दाबा.

फुगलेला कपॅसिटर दिसला तर तेवढ्याच मायक्रोफॅरडचा, व्होल्टेज तेवढं किंवा जास्त, १०५ डिग्रीवाला घ्या, आणि प्लस-मायनस बघून लावा. डिस्प्लेवरच्या आडव्या-उभ्या रेषा उडाल्या असतील तर ती पातळ रिबन सुटलीय, ते काम मी पण बाहेर देतो, घरच्या सोल्डर गननं ती जळतेच.

पुरात बुडालेली गाडी

२०१९ आणि २०२१ ला पंचगंगेचं पाणी शाहूपुरी, दुधाळी, बापट कॅम्पकडं शिरलं तेव्हा कितीतरी गाड्या डॅशपर्यंत बुडाल्या. अशा गाडीत पहिला नियम, चावी लावायचीच नाय. पाणी नुसतं असताना जेवढं नुकसान करतं त्यापेक्षा करंट चालू असताना कितीतरी जास्त, तांब्याच्या पट्ट्या बघता बघता खाऊन टाकतं. निगेटिव्ह काढा, मीटर बाहेर काढा, गाळ आधी स्वच्छ पाण्यानं, मग आयसोप्रोपाइल अल्कोहोल आणि मऊ ब्रशनं साफ करा. डायल आणि डिस्प्लेवर अल्कोहोल नको. दोन दिवस कोरड्या गरम जागेत ठेवा, उन्हात नाय. कपलरच्या पिना पण तेवढ्याच मन लावून साफ करा, कारण मीटर चालू झाल्यावर दोन-तीन महिन्यांनी परत बंद पडतं ते तिथल्याच बुरशीनं. एअरबॅगचं युनिट गिअरच्या कन्सोलखाली असतं, ते भिजलं असेल तर जाणकाराकडंच द्या. आणि इन्शुरन्स असेल तर काही खोलायच्या आधी सर्व्हेअरला कळवा, फोटो काढून ठेवा.

बसवल्यावर, आणि जुनं मीटर घ्यायचं झालं तर

बसवल्यावर चावी ऑन करून लाइटींची तपासणी परत करा, मग तावडे हॉटेलपासनं हायवेला लागून एकसारख्या ६० वर फोनच्या जीपीएसशी स्पीड जुळवा, फोन शेजारच्यानं बघायचा. काटा जीपीएसपेक्षा थोडा जास्त दाखवणार, ते मुद्दामच असतं. युरोपातल्या नियमात तर काटा खऱ्या स्पीडपेक्षा कमी दाखवूच शकत नाय आणि जास्त दाखवला तर दहा टक्के अधिक ताशी ४ किलोमीटरपर्यंत चालतो. तुमचा कमी दाखवत असेल तर काटा चुकीच्या जागी बसलाय, परत काढा.

भंगारातनं त्याच मॉडेलचं मीटर आणून लावायचं असेल तर पार्ट नंबर शेवटच्या अक्षरापर्यंत जुळवा, पेट्रोलचं डिझेलला चालत नाय. काही कंपन्यांत, फोक्सवॅगन आणि स्कोडाच्या बऱ्याच मॉडेलांत, इमोबिलायझर (चावी ओळखणारं चोरीविरोधी लॉक) मीटरमध्येच असतो, दुसरं मीटर लावलं की गाडी सुरू होऊन लगेच बंद पडते आणि कोडिंग करूनच घ्यायला लागतं. किलोमीटरचा आकडा बऱ्याच मीटरांत आतल्या आठ पायांच्या छोट्या मेमरी आयसीत साठवलेला असतो, ९३सी४६ किंवा तसल्याच. मीटर बदललं की दुसऱ्या गाडीचा आकडा येतो. आपला खरा आकडा नवीन मीटरमध्ये घालून घेणं वेगळं आणि कमी करून घेणं वेगळं, दुसरं सरळ सरळ फसवणूक आहे, आणि "दहा मिनिटांत किलोमीटर मागं घेतो" म्हणणाऱ्याकडं मीटरचं दुसरं कुठलंही काम पण देऊ नका. जुन्या मीटरवरच्या आकड्याचा तारखेसह फोटो काढा, बिलावर जुना आकडा, नवीन आकडा आणि मीटरचा नंबर लिहून दुकानाचा शिक्का घ्या, आणि ते बिल आरसी बुकाच्या कॉपीसोबत गाडीतच ठेवा, विकताना गिऱ्हाईक पहिल्यांदा तेच विचारतंय.